संकलकाचा वेळ कोण मोजणार?

वाचकांचे प्रश्न : चित्रपट-संकलन

कमी खर्चात होणाऱ्या स्वतंत्र चित्रपटांच्या संकलनाविषयी गेल्या काही महिन्यांत बरीच पत्रे आली. त्यांतली पाच इथे घेतली आहेत. पत्रलेखकांची नावे दिलेली नाहीत आणि पत्रांचा गाभा तेवढा ठेवला आहे. प्रश्न वेगवेगळ्या माणसांचे असले, तरी जवळजवळ प्रत्येक पत्र शेवटी संकलकाच्या वेळेपाशी येऊन थांबते, म्हणून उत्तरांतही तोच विषय पुन्हा पुन्हा येईल.

प्रश्न : मी चोवीस वर्षांचा आहे. बीएमएम (मास मीडियाची पदवी) झाल्यावर अंधेरीतल्या एका छोट्या स्टुडिओत लग्नाचे व्हिडिओ, जाहिराती आणि रील्स यांचे संकलन करतो. पगार वेळेवर होतो. मला मात्र स्वतंत्र चित्रपटांचा संकलक व्हायचे आहे. आईवडील विचारतात, त्यावर घर चालेल का? त्यांना काय सांगू?
— एक वाचक, डोंबिवली

उत्तर : त्यांना खरे तेच सांगा. निव्वळ स्वतंत्र चित्रपटांच्या संकलनावर मुंबईत घर चालवणारा संकलक माझ्या पाहण्यात क्वचितच आला आहे. या कामाला किंमत नाही, असा याचा अर्थ नव्हे. कारण वेळेच्या हिशेबात आहे आणि तो हिशेब या क्षेत्रात पाऊल टाकण्याआधी तुम्हाला पाठ असायला हवा.

कमी खर्चाच्या चित्रपटाचे चित्रीकरण वीस-पंचवीस दिवसांत उरकतात, कारण त्यातल्या प्रत्येक दिवसाचा खर्च डोळ्यांना दिसतो : कॅमेऱ्याचे भाडे, जागेचे भाडे, गाड्या, पन्नास माणसांचे जेवण. संकलनाच्या दिवसाचा खर्च असा दिसत नाही. एक खोली, एक संगणक आणि एक माणूस, एवढाच तो पसारा असतो. रोज दोन तासांचे फुटेज धरले, तरी वीस दिवसांत चाळीस तासांचे रशेस, म्हणजे कच्चे फुटेज, जमतात. टिपणे काढत ते एकदा नीट पाहायलाच आठ-दहा दिवस जातात. मग असेंब्ली, म्हणजे सगळ्या प्रसंगांची पहिली जुळणी, मग रफ कट, म्हणजे चित्रपटाचे पहिले कच्चे रूप, मग पैसे संपले म्हणून पडलेला खंड, मग राहून गेलेल्या शॉटसाठी दोन दिवसांचे पॅचवर्क, त्यानंतर बारकावे बसवलेला फाइन कट आणि अखेरीस पिक्चर लॉक, म्हणजे यापुढे कट बदलायचे नाहीत असा टप्पा. कागदावर दोन महिन्यांचे असलेले काम अशा रीतीने सहज सात-आठ महिन्यांवर जाते आणि मानधन मात्र पहिल्या दोन महिन्यांचेच ठरलेले असते. बाकीचे महिने कोणी दिले, असे विचारले, तर उत्तर एकच : संकलकाने दिले. माझ्या मते कमी खर्चाच्या चित्रपटातला एक मोठा निर्माता तो चित्रपटाचा संकलकच असतो, फक्त श्रेयनामावलीत त्याची तशी नोंद होत नाही.

म्हणून या क्षेत्रात टिकलेले संकलक वर्षाची विभागणी करतात. जाहिराती, प्रोमो, वेब मालिका, संस्थांसाठीचे माहितीपट, शिकवणे अशा कामांवर घर चालते आणि वर्षातला ठरावीक काळ एका चित्रपटासाठी राखला जातो. यात कमीपणा मानण्याचे कारण नाही. रेणू सलुजा यांनी एनएफडीसीच्या (राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळाच्या) तुटपुंज्या पैशांत झालेला 'जाने भी दो यारों' (१९८३) संकलित केला आणि 'परिंदा'सारखा (१९८९) व्यावसायिक चित्रपटही केला. संकलनासाठी त्यांना चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, त्यांतला एक 'परिंदा'साठी होता. दोन्हीकडच्या कामांत त्यांची नजर एकच होती. पोटासाठी केलेल्या कामात हात घाणेरडा होतो, हा समज नव्या मुलांच्या डोक्यात कोण भरवते, कोण जाणे. हात घाणेरडा होतो तो बेफिकिरीने केलेल्या कामाने.

तुमच्या सध्याच्या कामाचेही तुम्ही कमी मोल करता आहात, असे पत्रावरून वाटले. लग्नात रीटेक नसतो. चार कॅमेऱ्यांनी मिळेल ते टिपलेल्या सामग्रीतून सुरुवात, मध्य आणि शेवट शोधायचा, हे तुम्ही रोज करता. माहितीपटाच्या संकलकाला नेमके हेच करावे लागते. तुमच्याकडे अजून नाही ती गोष्ट म्हणजे लांब पल्ल्याची स्मरणशक्ती. पंचविसाव्या मिनिटाला ठेवलेल्या एका नजरेचा ऐंशीव्या मिनिटाला काय परिणाम होईल, हे रील्स करून कळत नाही. त्यासाठी एका पूर्ण लांबीच्या चित्रपटावर आरंभापासून पिक्चर लॉकपर्यंत सहायक म्हणून बसावे लागते.

सहायकाचे काम बाहेरून रटाळ दिसते. आलेल्या कार्डांतला डेटा चेकसमसह, म्हणजे प्रत हुबेहूब उतरली का ते तपासत, दोन वेगळ्या डिस्कवर उतरवणे, प्रॉक्सी (मूळ फुटेजच्या हलक्या प्रती) बनवणे, क्लॅप पाहून आवाज चित्राशी जुळवणे म्हणजे सिंक करणे, चित्रीकरणाच्या वेळी लिहिलेल्या कंटिन्यूइटी शीटशी ताडून प्रत्येक टेकला नाव देणे, प्रसंगवार बिन (फोल्डर) लावणे, असे ते काम असते. पण चाळीस तासांचे फुटेज ज्याच्या हाताखालून एकदा गेले आहे, त्याला चित्रपटात काय काय आहे हे दिग्दर्शकापेक्षाही चांगले ठाऊक असते. एखाद्या दुपारी मुख्य संकलक "दाराकडे वळून पाहते, तसा काही शॉट आहे का?" असे विचारतो आणि तुम्ही टेकचा क्रमांक सांगता. तुमची कारकीर्द सुरू होते ती तिथे.

औपचारिक शिक्षणाचा मार्ग हवा असेल तर पुण्याची फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट आहे. १९६० मध्ये प्रभात स्टुडिओच्या जागेत सुरू झालेल्या या संस्थेत संकलनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम असून प्रवेश देशपातळीवरच्या परीक्षेतून मिळतो. तो जमला तर उत्तम, नाही जमला तरी दार बंद होत नाही.

नोकरी आज सोडू नका. आधी एखाद्या लघुपटाचे संकलन करा आणि ते दाखवताना निवडक तुकडे जोडलेले रंगीबेरंगी शोरील पाठवण्याऐवजी दोन माणसे बोलत असलेला एक अखंड प्रसंग पाठवा. दिग्दर्शकाला तुमची संकलनाची समज त्यात दिसते, शोरीलमध्ये फक्त संगीत ऐकू येते. सहायकाचे काम मिळाले आणि सहा महिन्यांचा खर्च गाठीशी असला की मग नोकरीचा विचार करा. डोंबिवलीत आईवडिलांच्या घरी राहता, हे तुमचे भांडवल आहे. वर्सोवा-ओशिवऱ्याच्या बहुतेक एडिटिंग रूम घाटकोपरहून मेट्रोने गाठता येतात. पहिल्याच दिवशी मात्र सांगून ठेवा की तुम्हाला शेवटच्या गाडीच्या बऱ्याच आधी निघावे लागेल. जो मुलगा हे पहिल्या दिवशी सांगत नाही, त्याच्या रात्री पुढे कोणीही मोजत नाही.

प्रश्न : कोणता संगणक आणि कोणते सॉफ्टवेअर घ्यावे? बजेट फार नाही.
— एक वाचक, विरार

उत्तर : महागड्या संगणकाच्या नादी लागण्याआधी प्रॉक्सीवर काम करायला शिका. फोरके अल्ट्रा एचडी चित्र प्रोरेस ४२२ एचक्यू या उच्च दर्जाच्या फाइल-स्वरूपात, सेकंदाला २५ फ्रेमने, तासाला सुमारे ३३० जीबी जागा घेते. चाळीस तासांना म्हणजे तेरा टीबीच्या आसपास जागा लागेल. तेच चित्र एचडी आकाराच्या प्रोरेस प्रॉक्सीत तासाला सुमारे १७ जीबी घेते आणि अख्खा चित्रपट एक टीबीच्या आत बसतो. मग साधा, पण बऱ्या रॅमचा लॅपटॉपही पुरतो. डाविंची रिझॉल्व्ह या संकलनाच्या सॉफ्टवेअरची विनामूल्य आवृत्ती अल्ट्रा एचडीपर्यंत चित्र बाहेर काढू देते, शिकायला आणि पहिला चित्रपट करायला ती पुरेशी आहे. प्रीमियर आणि ॲव्हिड यांचीही ओळख ठेवा, कारण सहायकाला मुख्य संकलकाच्या यंत्रणेवर बसावे लागते. वाचलेले पैसे डिस्कवर खर्च करा. मूळ फुटेजच्या तीन प्रती हव्यात आणि त्यांतली एक दुसऱ्या घरात ठेवलेली हवी.

प्रश्न : मी एक्केचाळीस वर्षांची आहे. मराठी आणि हिंदी मालिकांचे संकलन बरीच वर्षे केले. आता वेगळे, स्वतःचे वाटेल असे काम करावेसे वाटते. पण वय आणि घरच्या जबाबदाऱ्या पाहता उशीर झाला का, अशी भीती वाटते. रात्री उशिरापर्यंत बसणे मला जमणार नाही.
— एक वाचिका, ठाणे

उत्तर : उशीर मुळीच झालेला नाही. संकलन ही पडद्यामागच्या कलांपैकी अशी कला आहे की तिथे वय वाढले तर नजर मुरते. रोज वीस-बावीस मिनिटांचा भाग वाहिनीकडे पोहोचवण्याची सवय असलेल्या माणसाची शिस्त स्वतंत्र चित्रपटाला फार हवी असते, कारण तिथे प्रक्षेपणाची वेळ नसल्याने काम पसरत जाते. मालिकेच्या संकलकाला संवादाचा ताल कळतो, जर्क (धक्क्याचा क्षण) कुठे बसेल हे कळते, अपुऱ्या शॉटमधून प्रसंग उभा करता येतो. ही शिदोरी घेऊनच तुम्ही येणार आहात.

काही सवयी मात्र जाणीवपूर्वक सोडाव्या लागतील. मालिकेत एक वाक्य उच्चारले की खोलीतल्या प्रत्येकाची प्रतिक्रिया दाखवायची असते, कारण प्रेक्षक स्वयंपाक करता करता ऐकत असतो आणि त्याला काहीही निसटू द्यायचे नसते. त्या माध्यमासाठी ते योग्यच आहे. अंधारात बसलेला प्रेक्षक मात्र स्वतः पाहत असतो. त्याला प्रतिक्रिया दाखवली नाही, तर तो ती मनात तयार करतो. पार्श्वसंगीताने पोकळी भरण्याची सवयही अशीच आहे. माझी सूचना अशी की एखाद्या नवख्या दिग्दर्शकाच्या लघुपटातला बिनसंवादाचा प्रसंग घ्या आणि तो संगीताशिवाय संकलित करा. शॉट संपला असे वाटले की कट करण्याआधी तो आणखी थोडा चालू द्या आणि काय होते ते पाहा. कधी काहीच होणार नाही. कधी त्या वाढीव दोन सेकंदांतच प्रसंग सापडेल.

माहितीपटांचाही विचार करा. तिथे पटकथा संकलनाच्या टेबलावरच तयार होते आणि आयुष्य पाहिलेल्या माणसाचा उपयोग तिथे सर्वाधिक होतो. माहितीपट आणि लघुपटांसाठीचा मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव १९९० पासून दर दोन वर्षांनी भरतो आणि तिथे दिग्दर्शक सहज भेटतात. १९६८ पासून चालत आलेल्या प्रभात चित्र मंडळ या फिल्म सोसायटीच्या खेळांनाही जात जा. ओळखी होतात हा एक भाग झाला, पण वेगळ्या लयीचे चित्रपट मोठ्या पडद्यावर पाहिल्याशिवाय मालिकेची लय अंगातून निघत नाही.

वेळेविषयी तुम्ही भीत भीत लिहिले आहे, पण तसे करू नका. चित्रपटाचे संकलन दिवसा होऊ शकते आणि व्हायलाही हवे. रात्री दोन वाजता घेतलेले निर्णय सकाळी बदलावे लागतात, हे या क्षेत्रातल्या कोणालाही विचारा. सकाळी दहा ते संध्याकाळी सहा अशी वेळ करारातच लिहा. दिग्दर्शकाला आठवड्यातून दोन ठरावीक दिवशी बोलवा आणि मधल्या दिवसांत एकटीने काम करा.

प्रश्न : माझ्या पहिल्या मराठी चित्रपटाचे चित्रीकरण संपले आहे. पैसे जवळजवळ संपले आहेत, त्यामुळे संकलन स्वतःच करावे असे वाटते. मी केलेली पहिली जुळवाजुळव दोन तास चाळीस मिनिटांची झाली आणि ती पाहून खचून गेलो आहे. संकलक घ्यावा का, आणि घ्यायचा तर त्याला काय देऊ?
— एक दिग्दर्शक, गोरेगाव

उत्तर : आधी खचणे थांबवा. असेंब्लीत लिहिलेले सगळे प्रसंग लिहिलेल्या क्रमाने आलेले असतात, म्हणून ती लांब आणि कंटाळवाणी असतेच. त्या टप्प्यावर चित्रपट वाईट आहे की चांगला, हे ठरवता येत नाही.

स्वतः संकलन करून उत्तम चित्रपट करणारे दिग्दर्शक आहेत. चैतन्य ताम्हाणे यांनी 'द डिसायपल'चे (२०२०) संकलन स्वतः केले. पण त्याआधीच्या त्यांच्या 'कोर्ट'चे (२०१४) संकलन रिखव देसाई यांनी केले होते, हा क्रम लक्षात घ्यावा. पहिल्याच चित्रपटात दुसरी नजर नाकारणे आणि एका चित्रपटाच्या अनुभवानंतर ती जबाबदारी स्वतःवर घेणे, या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

दुसरी नजर म्हणजे नेमके काय, ते एका प्रसंगावरून सांगतो. मी संकलित केलेल्या एका चित्रपटात परळच्या चाळीतल्या खोलीतला एक प्रसंग होता. मुलाची नोकरी गेली आहे आणि तो घरी येऊन आईला ते सांगतो. कागदावर दोन पाने संवाद होते. शॉट चारच : एक मास्टर, म्हणजे सगळा प्रसंग एकत्र दिसणारा शॉट, दोघांचा एकेक क्लोजअप आणि गॅसवर तापत असलेल्या दुधाचा इन्सर्ट, म्हणजे मध्ये घालायचा छोटा शॉट. असेंब्लीत प्रसंग साडेतीन मिनिटांच्या वर गेला होता. जो बोलतो त्याचा चेहरा, मग दुसऱ्याचा, असा. चूक कुठेच नव्हती आणि मनाला काही भिडतही नव्हते. कंटिन्यूइटी शीटवर आईच्या क्लोजअपचा दुसरा टेक ओके होता आणि तिसरा एनजी, म्हणजे नापास. एनजी अशासाठी की कॅमेऱ्याच्या बाजूला उभा राहून संवाद देणारा नट आपले वाक्य विसरला आणि चार-पाच सेकंद गप्प राहिला. ते चार-पाच सेकंद अभिनेत्रीने पात्र सोडले नव्हते. ती समोरच्याच्या वाक्याची खरोखर वाट पाहत होती आणि तिच्या चेहऱ्यावर असे काही उमटले होते की जणू तिला बातमी आधीच कळली आहे. तो टेक घेतल्यावर मुलाने नोकरीविषयी एक शब्दही बोलण्याची गरज उरली नाही. त्याचे दारातून "आई" म्हणणे ठेवले, मग तिचा तो चेहरा लांबवर ठेवला, आणि दूध वर येण्याचा आवाज दुधाच्या शॉटच्या बारा फ्रेम आधी, तिच्या चेहऱ्यावरच सुरू केला, म्हणजे ती गॅसकडे वळते ती त्या आवाजामुळे. प्रसंग सव्वा मिनिटाचा झाला. दिग्दर्शकाला सुरुवातीला ते पटले नाही, कारण काढलेल्या संवादांवर त्याने फार मेहनत घेतली होती. पण आधीचे आणि नंतरचे प्रसंग जोडून पाहिल्यावर त्यानेच पुढच्या प्रसंगातली दोन वाक्ये काढायला सांगितली.

आता तुमच्याकडे या. तुमच्या शीटवर एनजी लिहायला सांगणारे तुम्हीच होतात. तो टेक तुम्ही पुन्हा उघडून पाहाल का? शंभरातले नव्वद दिग्दर्शक पाहत नाहीत. चित्रीकरणाच्या दिवशीची घाई, राग, पाऊस, उशिरा आलेला नट हे सगळे त्यांना त्या टेकवर चिकटलेले दिसते. संकलकाला त्या दिवसाविषयी काहीच ठाऊक नसते आणि म्हणूनच त्याला फक्त चौकटीत जे आहे ते दिसते. माझा आग्रह आहे की संकलक घ्याच.

पैसे कमी असतील तर काम कमी करून मागा, फुकट मागू नका. पूर्ण चित्रपटाचे मानधन परवडत नसेल, तर तुमची असेंब्ली तयार आहेच. त्यापुढच्या आठ आठवड्यांसाठी आठवड्याच्या दराने संकलकाशी ठरवा आणि त्या आठ आठवड्यांत रोज निर्णय द्यायला उपलब्ध राहा. संकलकाचे सर्वाधिक दिवस दिग्दर्शकाच्या अनिर्णयात वाया जातात. रफ कटवर सात-आठ माणसांना, ज्यांनी पटकथा वाचलेली नाही अशांना, चित्रपट दाखवा आणि त्यांच्या सूचना ऐकण्यापेक्षा ते कुठे चुळबुळतात ते पाहा. रफ कट बरा झाला, तर एनएफडीसीच्या वर्क-इन-प्रोग्रेस लॅबला अर्ज करा. २००७ पासून नोव्हेंबरात गोव्यात भरणाऱ्या फिल्म बाजाराचा तो भाग आहे. तिथे रफ कट अवस्थेतले निवडक चित्रपट अनुभवी संकलक, निर्माते आणि महोत्सवांचे निवडकार पाहतात आणि दिग्दर्शकाशी सविस्तर बोलतात. यासाठी एक पथ्य पाळा : ग्रेडिंग (चित्राचे रंग जुळवणे) आणि अंतिम ध्वनिमिश्रणावर आत्ताच पैसे घालवू नका. पिक्चर लॉक होण्याआधी ध्वनी विभागाकडे काम दिले, तर नंतरच्या प्रत्येक कटामागे तिथला सिंक पुन्हा लावावा लागतो आणि तो खर्च तुम्हाला झेपणार नाही.

पुढच्या चित्रपटासाठी एकच सांगतो. संकलक चित्रीकरणाआधी ठरवा आणि एक दिवस चाचणीसाठी ठेवा. कॅमेऱ्यातून संकलनाकडे, तिथून ध्वनीकडे आणि शेवटी डीसीपीकडे (चित्रपटगृहात दाखवायच्या डिजिटल प्रतीकडे), असा एका मिनिटाच्या चित्राचा पूर्ण प्रवास करून पाहा. चित्रपटगृहासाठीचे डीसीपी बहुधा २४ फ्रेमचे असते आणि आपल्याकडचा टीव्ही २५ फ्रेमचा. एका कॅमेऱ्यावर २४ आणि दुसऱ्यावर २५ फ्रेम ठेवून चित्रित झालेला चित्रपट दुरुस्त करण्यात जो वेळ जातो, तो पुन्हा कोणाच्या खात्यातून जातो, हे वर लिहिलेच आहे.

प्रश्न : माझी मुलगी सहायक संकलक आहे. एका चित्रपटावर तिने बरेच महिने काम केले. सुरुवातीला थोडे पैसे मिळाले, पुढचे 'अनुदान आले की देतो', 'चित्रपट विकला गेला की देतो' असे सांगत वर्ष गेले. कागदावर काहीच नाही. ती म्हणते, बोलले तर पुढचे काम मिळणार नाही. आम्ही काय करावे?
— एक वाचिका, लालबाग

उत्तर : ताई, तुमच्या मुलीची भीती खोटी नाही. हे क्षेत्र ओळखीवर चालते आणि भांडखोर म्हणून नाव झाले, तर फोन येणे थांबते, हे तिने पाहिले असणार. पण नम्रपणे आणि लेखी मागणी करणाऱ्या माणसाला कोणी भांडखोर म्हणत नाही. तिला आधी तेवढे करायला सांगा.

मानधनाविषयी एक कायदेशीर बाब तिने समजून घ्यायला हवी. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यानुसार चित्रपटाचा कर्ता निर्माता मानला जातो. २०१२ च्या दुरुस्तीने चित्रपटात वापरलेल्या साहित्यकृती आणि संगीतकृती यांच्या कर्त्यांना, म्हणजे लेखक, गीतकार, संगीतकार यांना, रॉयल्टीचा हक्क मिळाला. संकलकाला असा हक्क नाही. चित्रपट पुढे कितीही चालला, जगभर गाजला, तरी संकलकाच्या आणि सहायकाच्या हाती ठरलेले मानधनच पडते. म्हणून ते बुडू देणे म्हणजे त्या कामाची सगळी कमाई बुडू देणे होय. चित्रपटावरच्या प्रेमापोटी पुष्कळ जण ते सोडून देतात आणि मग दोन-तीन वर्षांत क्षेत्रच सोडून जातात. असे गुणी संकलक गेलेले मी पाहिले आहेत आणि त्याचे मला फार वाईट वाटते.

यापुढच्या प्रत्येक कामाआधी, मग ते मित्राचे का असेना, दोन पानांचा करार करावा. त्यात कामाचे आठवडे लिहावेत आणि त्याहून अधिक लागलेल्या प्रत्येक आठवड्याचा दर लिहावा. स्वतंत्र चित्रपटात हीच ओळ सगळ्यात महत्त्वाची असते आणि तीच बहुतेक करारांत नसते. मानधनाचे हप्ते कामाच्या टप्प्यांना बांधावेत : सहीच्या वेळी एक, असेंब्लीला एक, रफ कटला एक, पिक्चर लॉकला एक, आणि ध्वनी व ग्रेडिंगसाठीच्या फाइली देण्याआधी उरलेला. अनुदान किंवा विक्री यांच्याशी हप्ता जोडायचाच असेल, तर 'किंवा अमुक तारीख, यांतले जे आधी होईल ते' असे लिहून घ्यावे, कारण अनुदान केव्हा येईल आणि येईल की नाही, हे निर्मात्याच्याही हातात नसते. श्रेयनामावलीत नाव कसे आणि कोणत्या पदासह येईल, तेही तिथेच लिहावे. मानधनातून १० टक्के टीडीएस कापला जात असेल, तर ती रक्कम तिच्या पॅनवर खरोखर जमा झाली का, हे प्राप्तिकर विभागाच्या संकेतस्थळावर पाहत राहावे. कापलेला कर अनेकदा भरलेलाच नसतो.

दुसरे काम उद्याच करता येईल. सरकारच्या उद्यम पोर्टलवर सूक्ष्म उद्योग म्हणून तिची नोंदणी करा. ती आधारवर होते आणि विनामूल्य आहे. २००६ च्या सूक्ष्म, लघु आणि मध्यम उद्योग विकास कायद्यानुसार नोंदणीकृत सूक्ष्म उद्योगाचे पैसे करारात ठरलेल्या मुदतीत द्यावे लागतात आणि ही मुदत ४५ दिवसांपेक्षा जास्त असू शकत नाही. लेखी करार नसेल तर मुदत १५ दिवसांची असते. उशीर झाल्यास रिझर्व्ह बँकेच्या बँकदराच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ व्याज लागते आणि त्यासाठी याच कायद्याखालच्या सुविधा परिषदेकडे दाद मागता येते. ही तरतूद नोंदणीनंतरच्या कामांना उपयोगी पडते, म्हणून नवे काम घेण्याआधी नोंदणी झालेली असावी. चित्रपट आणि व्हिडिओ संकलकांची मुंबईत असोसिएशन आहे, ती पश्चिम भारतातल्या सिने-कर्मचाऱ्यांच्या महासंघाशी संलग्न आहे. तिचे सदस्यत्वही घ्यावे, म्हणजे तक्रार एकटीची राहत नाही.

एक गोष्ट तिने करू नये. रागाच्या भरात डिस्क अडवून धरू नये, फाइली पुसू नयेत. फुटेज निर्मात्याच्या मालकीचे आहे आणि त्या एका कृतीने तिची बाजू दुबळी होईल.

थकलेल्या रकमेसाठी तिने या आठवड्यात निर्मात्याला एक ईमेल लिहावा. कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत काम केले, काय ठरले होते, किती मिळाले, किती बाकी आहे, एवढेच त्यात असावे. तक्रारीचा किंवा दुखावल्याचा एकही शब्द नको. व्हॉट्सॲपवरची संभाषणे, बँकेत आलेल्या पहिल्या रकमेची नोंद, कट पाठवल्याचे ईमेल आणि लिंक हे सगळे एका ठिकाणी जपून ठेवावे. कागदावर करार नसला, तरी हे पुरावे उपयोगी पडतात. तीन आठवड्यांत उत्तर आले नाही, तर वकिलामार्फत नोटीस पाठवावी. दिवाणी दाव्याची मुदत साधारणपणे पैसे देय झाल्यापासून तीन वर्षांची असते. त्यांतले एक वर्ष वाट पाहण्यात गेले आहे, तेव्हा आणखी थांबू नका.